सोसायटीतून सदस्याची हकालपट्टी : ठराव सोपा, प्रक्रिया अवघड

सहकारी गृहनिर्माण संस्थांमधील भांडणे शहरी वाचकाला नवी नाहीत. गळती, पार्किंग, गच्चीचा वापर, पाळीव कुत्रा, गणेशोत्सवाची वर्गणी, थकलेले मासिक सेवाशुल्क अशा कारणांवरून सुरू झालेला वाद काही वेळा इतका चिघळतो की, सर्वसाधारण सभेत कोणीतरी उठून 'यांचे सदस्यत्वच रद्द करा' अशी सूचना मांडतो. हात वर होतात, इतिवृत्तात दोन ओळींचा ठराव लिहिला जातो आणि आठवड्याभरात संबंधित सदस्याच्या हाती पत्र पडते : 'आपण आजपासून या संस्थेचे सदस्य राहिलेले नाही.' अशा पत्राला कायद्याच्या दृष्टीने काडीचीही किंमत नसते. पण ज्याला ते मिळते त्याला हे ठाऊक नसते आणि ज्यांनी पाठवलेले असते त्यांनाही बहुधा नसते.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० मध्ये सदस्याला काढून टाकण्याची तरतूद आहे. ती कलम ३५ मध्ये आहे आणि तिची कार्यपद्धती महाराष्ट्र सहकारी संस्था नियम, १९६१ मधील नियम २८ व २९ मध्ये सांगितली आहे. गृहनिर्माण संस्थांच्या आदर्श उपविधींमध्येही याच तरतुदींचा हवाला दिलेला आढळतो. या तिन्हींचा एकत्रित अर्थ असा की, संस्थेला सदस्य काढता येतो, पण घाईने, रागाने किंवा केवळ संख्याबळावर काढता येत नाही.

ऊस उत्पादकांसाठीचा नियम, सदनिकाधारकांना लागू

नियम २८ वाचताना एक गोष्ट चटकन लक्षात येते. सदस्याला काढण्याच्या कारणांमध्ये थकबाकीबरोबरच आपला शेतमाल संस्थेमार्फत विकण्याविषयीच्या उपविधींचे पालन न करणे, हेही कारण दिलेले आहे. म्हणजे नियम लिहिणाऱ्यांच्या डोळ्यांपुढे प्रामुख्याने ग्रामीण सहकार होता : खरेदी-विक्री संघ, साखर कारखाना, पतसंस्था. गृहनिर्माणातील सहकार महाराष्ट्राला तेव्हाही नवा नव्हता. मुंबईत गावदेवी येथे १९१५ मध्ये स्थापन झालेली सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था ही आशियातील पहिली मानली जाते. तरीही काढून टाकण्याचा नियम सर्व प्रकारच्या संस्थांसाठी एकच ठेवण्यात आला.

परिणाम मात्र सारखा नाही. कारखान्याच्या सभासदाचे सदस्यत्व गेले तर त्याचा ऊस दुसरीकडे जाऊ शकतो. जिमखान्याचे सदस्यत्व गेले तर संध्याकाळचा पत्त्यांचा डाव मोडतो. गृहनिर्माण संस्थेचे सदस्यत्व गेले तर राहत्या घराचाच पाया डळमळतो, कारण सहकारी संस्थेत सदनिका धारण करण्याचा हक्क सदस्यत्वाशी आणि भागपत्राशी जोडलेला असतो. त्या भागपत्रावरील दर्शनी रक्कम बहुतेक ठिकाणी दहा भागांचे मिळून ५०० रुपये एवढीच असते. त्या ५०० रुपयांच्या कागदामागे मुंबई-पुण्यात आज लाखो, कित्येकदा कोट्यवधी रुपयांची वास्तू उभी असते. म्हणूनच या कलमाचा अर्थ गृहनिर्माण संस्थेच्या संदर्भात अधिक काटेकोरपणे लावला पाहिजे.

सर्वोच्च न्यायालयाने १९७५ मध्ये रमेश हिम्मतलाल शहा विरुद्ध हरसुख जाधवजी जोशी या प्रकरणात, सहकारी संस्थेतील सदनिका वापरण्याचा सदस्याचा हक्क ही एक प्रकारची मालमत्ताच आहे आणि ती जप्तीस व विक्रीस पात्र ठरते, असे म्हटले होते. तो वाद होता हुकूमनाम्याच्या वसुलीचा. पण जी गोष्ट धनको जप्त करू शकतो ती सदस्याची मालमत्ता असते, हे त्यातून स्पष्ट झाले. मालमत्तेपासून कोणालाही कायद्याच्या आधाराशिवाय वंचित करता येत नाही, असे राज्यघटनेचा अनुच्छेद ३००-अ सांगतो. सोसायटीचा ठराव हा कायद्याचा आधार ठरायचा असेल, तर तो कायद्याने सांगितलेल्या वाटेनेच यायला हवा.

कोणत्या कारणासाठी?

कलम ३५ मधील शब्द असे आहेत की, संस्थेच्या हिताला किंवा तिच्या योग्य कामकाजाला बाधक ठरणाऱ्या कृत्यांबद्दल सदस्याला काढता येते. नियम २८ मध्ये सातत्याने देणी थकवणे आणि संस्थेची बदनामी करणे यांचा उल्लेख आहे. आदर्श उपविधींमध्ये गृहनिर्माण संस्थांना साजेशी कारणे आहेत : संस्थेची देणी सतत न भरणे, खोटी माहिती देऊन संस्थेची जाणूनबुजून फसवणूक करणे, सदनिकेचा अनैतिक कामासाठी किंवा नेहमी बेकायदा कामासाठी वापर करणे, उपविधींचा वारंवार आणि गंभीर स्वरूपाचा भंग करणे.

यातील 'सतत', 'जाणूनबुजून', 'वारंवार', 'गंभीर' हे शब्द शोभेसाठी घातलेले नाहीत. एका तिमाहीचे शुल्क राहिले म्हणून कोणी सतत थकबाकीदार होत नाही. बिलाच्या रकमेवर लेखी हरकत घेऊन वादातील तेवढीच रक्कम रोखून धरणारा सदस्य आणि वर्षानुवर्षे एकही रुपया न भरणारा सदस्य यांना एकाच तागडीत तोलता येणार नाही. त्याचप्रमाणे संस्थेच्या हिशेबांबद्दल उपनिबंधकांकडे तक्रार करणे, लेखापरीक्षणाची मागणी करणे किंवा सहकार न्यायालयात दावा दाखल करणे हे कायद्याने दिलेले हक्क आहेत. ते बजावणारा माणूस पदाधिकाऱ्यांना नकोसा वाटू शकतो. पण व्यवस्थापक समितीचे हित म्हणजे संस्थेचे हित, हे समीकरण कायद्यात कुठेही नाही. हकालपट्टीच्या ठरावांमागे अनेकदा हेच समीकरण दडलेले असते आणि निबंधकांपुढे ते उघडे पडते.

सदनिका भाड्याने दिली, हेही एक लोकप्रिय कारण. शासनाने २००१ मध्ये बिगरवहिवाट शुल्कावर सेवाशुल्काच्या दहा टक्क्यांची मर्यादा घातली, ती याच विषयावरून होणारी अडवणूक लक्षात घेऊन. भाडेकरू ठेवल्याची माहिती संस्थेला देणे सदस्यावर बंधनकारक आहे. पण केवळ भाडेकरू अविवाहित आहे किंवा समितीच्या पसंतीचा नाही, एवढ्यावरून मालकाचे सदस्यत्व घेता येईल असे कुठलाही नियम म्हणत नाही.

एक महिना, आणि पाच दिवसांचा सापळा

प्रक्रियेची सुरुवात दोन प्रकारे होते. एखाद्या सदस्याने दुसऱ्या सदस्याला काढण्याचा ठराव मांडायचे ठरवले तर त्याने अध्यक्षांना तशी लेखी सूचना द्यावी लागते किंवा समिती स्वतःहून असा ठराव आणण्याचे ठरवू शकते. दोन्ही प्रसंगी समितीचे काम विषय सर्वसाधारण सभेच्या विषयपत्रिकेवर घेणे एवढेच असते. सदस्याला काढण्याचा अधिकार समितीला नाही. समितीच्या बैठकीत 'सदस्यत्व रद्द' असा ठराव करून नोंदवहीतून नाव खोडणे हा अधिकाराबाहेरचा उद्योग आहे.

त्यानंतर ज्याच्याविरुद्ध ठराव आहे त्या सदस्याला स्वतंत्र नोटीस द्यावी लागते. सभेला हजर राहावे आणि आपल्याला का काढू नये याची कारणे सर्वसाधारण सभेपुढे मांडावीत, असे त्या नोटिशीत सांगायचे असते. ही सभा नोटिशीच्या तारखेपासून एक महिना उलटण्यापूर्वी घेता येत नाही.

अनेक संस्था नेमक्या इथे अडखळतात. आदर्श उपविधींप्रमाणे विशेष सर्वसाधारण सभेची नोटीस पूर्ण पाच दिवस आधी आणि वार्षिक सभेची पूर्ण चौदा दिवस आधी द्यायची असते. सेक्रेटरींना हे आकडे तोंडपाठ असतात. त्यामुळे विशेष सभा पाच दिवसांच्या नोटिशीवर बोलावली जाते, तीत हकालपट्टीचा ठराव एकमताने मंजूर होतो आणि सगळी मेहनत वाया जाते. पाच दिवसांची नोटीस सभेसाठी पुरेशी असेल, पण त्या एका विषयासाठी ती अपुरीच. नोटीस १ जूनची असेल तर सभा जुलै उजाडल्याशिवाय घेता येणार नाही. टपालाला लागणारा वेळ धरून आणखी काही दिवस ठेवणे शहाणपणाचे. कलमात सभा 'त्या प्रयोजनासाठी' घेतलेली असावी असेही शब्द आहेत. वार्षिक सभेच्या अखेरीस 'अध्यक्षांच्या परवानगीने येणारे ऐनवेळचे विषय' या सदराखाली कोणाला घराबाहेर काढण्याचा ठराव आणणे तर कोणत्याच निकषावर टिकणार नाही.

नोटिशीत काय असावे, हा प्रश्न तितकाच महत्त्वाचा. 'आपले वर्तन संस्थेच्या हिताला बाधक आहे' एवढे मोघम वाक्य म्हणजे आरोप नव्हे. कोणती कृती, कोणत्या तारखेला, कोणत्या उपविधीचा भंग, किती रक्कम किती महिन्यांची, यापूर्वी कोणती पत्रे दिली, हे त्यात यायला हवे. ज्या कागदपत्रांचा आधार घेतला असेल त्यांच्या प्रती सोबत द्यायला हव्यात. उत्तर देण्याची संधी म्हणजे कशाचे उत्तर द्यायचे हे कळण्याची संधी आधी, हे सूत्र नैसर्गिक न्यायाच्या मुळाशी आहे. पत्र बजावल्याचा पुरावाही जपून ठेवावा लागतो. दारावर चिकटवलेला किंवा व्हॉट्सअॅपच्या गटावर टाकलेला कागद पुढे उपनिबंधकांच्या टेबलावर फार उपयोगी पडत नाही. नोंदणीकृत डाकेची पोच किंवा हातपोच घेऊन त्यावर सही, हाच सुरक्षित मार्ग.

सभागृहातला न्याय

कलम ३५ मध्ये स्पष्ट म्हटले आहे की, संबंधित सदस्याला आपली बाजू सर्वसाधारण सभेपुढे मांडण्याची संधी दिली नसेल तर ठराव वैधच ठरत नाही. इतर अनेक प्रकरणांत नैसर्गिक न्यायाचे तत्त्व न्यायालयांना अध्याहृत धरावे लागते. इथे विधिमंडळाने ते कलमातच लिहून ठेवले आहे. तेव्हा 'सगळ्यांना सगळे माहीत होते, बोलायला कशाला द्यायचे' हा युक्तिवाद चालत नाही.

सदस्य हजर असेल तर त्याचे म्हणणे ऐकायचे, हजर नसेल पण लेखी म्हणणे पाठवले असेल तर ते विचारात घ्यायचे, आणि मगच ठरावाकडे वळायचे, असा नियम २९ चा क्रम आहे. सदस्य परदेशात किंवा दुसऱ्या शहरात राहत असेल तर लेखी म्हणण्याला फार महत्त्व येते. कारण आदर्श उपविधींनुसार मुखत्यार किंवा प्रतिनिधी पाठवून सर्वसाधारण सभेला हजर राहता येत नाही. दुबईत किंवा न्यू जर्सीत नोकरी करणाऱ्या, ठाण्यातला फ्लॅट बंद ठेवलेल्या मराठी माणसाने नोटीस आली की सविस्तर लेखी उत्तर पाठवावे आणि ते सभेत वाचून दाखवून इतिवृत्तात नोंदवावे अशी मागणी त्यातच करावी. नोटिशीकडे दुर्लक्ष केले की ती आपोआप निष्प्रभ होते, हा समज महागात पडू शकतो. संस्थेने संधी दिली आणि सदस्याने ती घेतली नाही, तर प्रक्रियेचा दोष संस्थेच्या माथी येत नाही.

आरोप करणाऱ्याने न्यायाधीशाच्या खुर्चीत बसू नये, हे नैसर्गिक न्यायाचे दुसरे तत्त्व. ए. के. क्रैपाक प्रकरणात १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे जम्मू-काश्मीरमधील वनसेवेची एक निवड आली होती. निवड मंडळातील एक सदस्य स्वतःच उमेदवार होता. त्याच्या नावाचा विचार चालू असताना तो बाजूला झाला होता, तरीही निवड रद्द झाली. इतरांच्या गुणवत्तेची चर्चा करताना त्याचे हितसंबंध आड येण्याची रास्त शक्यता होती, एवढे न्यायालयाला पुरेसे वाटले. सोसायटीत सगळेच शेजारी, त्यामुळे पूर्ण तटस्थ सभा मिळणे अशक्य आणि तक्रारदार सदस्याचे मत काढून घेण्याची तरतूदही नाही. पण ज्या अध्यक्षांचे त्या सदस्याशी व्यक्तिशः भांडण आहे, पोलीस ठाण्यात परस्परविरोधी तक्रारी आहेत, त्यांनी त्या विषयापुरते सभेचे संचालन दुसऱ्या सदस्याकडे सोपवणे अवघड नाही. तसे केल्यास ठरावाचे वजन वाढते. प्रत्यक्षात हे क्वचितच घडते.

मतमोजणीतही चूक होते. केवळ साधे बहुमत पुरत नाही. मतदानाचा हक्क असलेले जे सदस्य सभेला हजर असतील, त्यांच्या किमान तीनचतुर्थांश बहुमताने ठराव व्हावा लागतो. समजा, साठ सदस्यांच्या संस्थेत सभेला चौतीस जण हजर आहेत. तीनचतुर्थांश म्हणजे साडेपंचवीस, अर्थात सव्वीस मते हवीत. ठरावाच्या बाजूने पंचवीस, विरोधात चार आणि पाच जण तटस्थ राहिले, तर ठराव फेटाळला गेला असे धरावे लागेल. मोजणी हजर सदस्यांवर होते, हात वर करणाऱ्यांवर नव्हे, त्यामुळे गप्प बसणाऱ्याचे मौन ठरावाच्या विरोधात जाते. म्हणून हजेरीपट, ठरावाच्या बाजूची, विरोधातील आणि तटस्थ मते इतिवृत्तात आकड्यांत नोंदवणे आवश्यक आहे. 'ठराव बहुमताने मंजूर' एवढ्या नोंदीवरून काहीच सिद्ध होत नाही.

निबंधकांची मोहोर

सभेने ठराव केला, तरी सदस्य त्या दिवशी सदस्यच राहतो. ठराव निबंधकांकडे मंजुरीसाठी पाठवावा लागतो. प्रत्यक्षात हे अधिकार त्या त्या प्रभागातील किंवा तालुक्यातील उपनिबंधक वा सहायक निबंधक वापरतात. त्यांनी आवश्यक वाटेल ती चौकशी करून मंजुरी द्यायची आणि संस्थेला तसेच त्या सदस्याला कळवायचे असते. ठराव अमलात येतो तो मंजुरीच्या तारखेपासून. तोपर्यंत त्याला सभेच्या नोटिसा द्याव्या लागतात, मासिक बिल पाठवावे लागते, त्याने दिलेला धनादेश स्वीकारावा लागतो आणि त्यालाही ते बिल भरावे लागते. 'तुम्ही आता सदस्य नाही' असे सांगून धनादेश परत करायचा आणि मग त्याच सदस्याला थकबाकीदार म्हणायचे, असा प्रकार करणाऱ्या संस्था स्वतःच्या हाताने आपली बाजू कमकुवत करतात.

मंजुरीसंबंधी आणखी एक परंतुक आहे आणि ते सदस्यांनी डोळ्यांत तेल घालून वाचावे असे आहे. ठराव सादर झाल्यापासून तीन महिन्यांच्या आत निबंधकांनी मंजुरी किंवा नामंजुरी संस्थेला कळवायची आहे. ती न कळवल्यास ठराव अमलात येतो. सरकारी कार्यालयातील फायलींचा वेग ज्यांना परिचित आहे, त्यांना या तरतुदीतील धोका वेगळा सांगायला नको. एखाद्याचे घर टेबलावरच्या दिरंगाईमुळे धोक्यात यावे, ही कायद्याच्या बाकीच्या सावधगिरीशी विसंगत वाटणारी तरतूद आहे. तेव्हा ज्याच्याविरुद्ध ठराव झाला त्याने संस्थेच्या किंवा कार्यालयाच्या पत्राची वाट पाहत बसू नये. आपली लेखी हरकत, सभेपुढे दिलेल्या उत्तराची प्रत आणि नोटिशीतील, मुदतीतील वा मतमोजणीतील दोष ताबडतोब उपनिबंधक कार्यालयात दाखल करावेत, आवक क्रमांक व शिक्क्यासह पोच घ्यावी आणि सुनावणी मागावी.

निबंधकांच्या आदेशाविरुद्ध कलम १५२ अन्वये अपील करता येते. मुदत आदेश कळल्यापासून दोन महिन्यांची आहे. उपनिबंधकांचा आदेश असेल तर अपील साधारणतः विभागीय सहनिबंधकांपुढे चालते. संस्थेला मंजुरी नाकारली गेल्यास तिलाही हाच मार्ग खुला आहे.

सदस्य काढण्याच्या प्रकरणात न्यायालये कितपत हस्तक्षेप करतात, याची चौकट सर्वोच्च न्यायालयाने बेळगावच्या एका जुन्या प्रकरणात आखून दिली आहे. तेथील व्हिक्टोरिया लॉज या फ्रीमेसन मंडळाने एका सदस्याला काढले होते. १९६३ च्या निर्णयसंग्रहात प्रसिद्ध झालेल्या या निकालाचा सारांश असा : सदस्य संस्थेच्या नियमांनी बांधलेला असतो आणि नियमांत काढण्याची तरतूद असेल तर त्या पद्धतीनेच त्याला काढता येते. संस्थेनेही नियम काटेकोर पाळले पाहिजेत. न्यायालय अपिलात बसल्याप्रमाणे आरोपांचा नव्याने निवाडा करत नाही, मात्र संस्थेने अधिकाराबाहेर जाऊन, सद्भावनेने न वागता किंवा नैसर्गिक न्याय धुडकावून निर्णय घेतला असेल तर तो रद्द करू शकते. त्या प्रकरणात सदस्य हरला होता, हे विशेष. प्रक्रिया नीट पाळलेली असली की न्यायालय संस्थेच्या निर्णयात सहसा ढवळाढवळ करत नाही, हा त्या निकालाचा दुसरा अर्धा भाग पदाधिकाऱ्यांनी लक्षात घ्यायला हरकत नाही.

मंजुरीनंतर घराचे काय?

काढून टाकण्याबरोबर सदस्याचे भाग जप्त होऊ शकतात, असे नियम २८ सांगतो. 'होऊ शकतात' म्हणजे प्रत्येक वेळी होतीलच असे नाही. शिवाय भाग वेगळे आणि सदनिकेतील हितसंबंधाचे मूल्य वेगळे. सदनिकेचे आणि तिच्या मोबदल्याचे काय करायचे, हे त्या संस्थेच्या नोंदणीकृत उपविधींमध्ये पाहावे लागते. बाजारात मिळणारी छापील प्रत नव्हे, तर निबंधकांनी नोंदवलेली आपल्या संस्थेची प्रत. अनेक सोसायट्यांना ती शोधावी लागते, ही वस्तुस्थिती आहे.

ठरावाला मंजुरी मिळाली तरी पदाधिकाऱ्यांना कुलूप तोडण्याचा, सामान बाहेर काढण्याचा, पाणी तोडण्याचा किंवा लिफ्ट बंद करण्याचा अधिकार येत नाही. काढून टाकलेला सदस्य ताबा देत नसेल तर कलम ९१ खाली सहकार न्यायालयात जावे लागते. संस्था आणि तिचा माजी सदस्य यांच्यातील वाद त्या न्यायालयाच्या कक्षेत येतात. म्हणजे हकालपट्टीच्या ठरावापासून रिकाम्या सदनिकेपर्यंतचा प्रवास सभा, निबंधक, अपील आणि न्यायालय असा लांबचा आहे आणि त्या काळात थकबाकी मात्र वाढतच राहते.

म्हणूनच प्रश्न केवळ पैशांचा असेल तर हा मार्ग धरणे व्यवहार्य नाही. थकबाकीच्या वसुलीसाठी कायद्याने वेगळी वाट दिली आहे. पूर्वी ती कलम १०१ मध्ये होती. गृहनिर्माण संस्थांसाठी २०१९ मध्ये अधिनियमात स्वतंत्र प्रकरण १३-ब समाविष्ट झाल्यापासून ती कलम १५४ब-२९ मध्ये आहे. संस्थेने हिशेबाचा उतारा, मागणीच्या नोटिसा आणि ठराव जोडून अर्ज करायचा, निबंधकांनी चौकशी करून वसुली दाखला द्यायचा आणि ती रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल करायची, अशी ही पद्धत. हातात दाखला पडल्यावर वर्षानुवर्षे न हलणारे थकबाकीदार धनादेश घेऊन कार्यालयात येतात, कारण पुढची पायरी जप्तीची असते. यात तीनचतुर्थांश बहुमत गोळा करावे लागत नाही आणि कोणाचे सदस्यत्वही जात नाही. गळती, अनधिकृत बांधकाम, सामाईक जागेवरील अतिक्रमण यांसारख्या वादांतही हकालपट्टीपेक्षा सहकार न्यायालय किंवा महापालिकेचा मार्ग थेट मूळ दुखण्याला भिडतो.

नोटीस कोणाला?

एक तांत्रिक, पण ठराव बुडवणारा मुद्दा. नोटीस 'सदस्या'ला द्यायची असते. सदनिकेत राहणारा भाडेकरू, मुलगा किंवा जावई सदस्य नसेल तर त्याच्या वर्तनाबद्दलची नोटीस त्याच्या नावे काढून उपयोग नाही. सदनिका दोघांच्या नावे असेल तर सदस्य नोंदवहीत आणि भागपत्रावर कोण कसे नोंदले आहे, सहसदस्य कोण, सहयोगी सदस्य कोण, हे पाहून दोघांनाही नोटीस देणे श्रेयस्कर. सदस्य मृत झाला असेल आणि वारसांची नोंद व्हायची असेल, तर मृत व्यक्तीच्या नावे हकालपट्टीची कारवाई सुरू करणे निरर्थक आहे. अशा वेळी संस्थेने आधी हस्तांतराची नोंद मार्गी लावावी.

काढून टाकलेल्या सदस्याला काढल्याच्या तारखेपासून एक वर्ष त्या संस्थेत पुन्हा सदस्य होता येत नाही आणि अन्य कोणत्याही सहकारी संस्थेतही प्रवेश मिळत नाही. हा 'अन्य कोणत्याही' भाग फारसा कोणाच्या ध्यानात नसतो. एका सोसायटीतून काढलेल्या माणसाने त्या वर्षात दुसऱ्या सोसायटीत घर घेतले तर तेथील सदस्यत्वही अडते. विशेष परिस्थितीत संस्थेने अर्ज केल्यास निबंधक या मुदतीआधीही प्रवेशास परवानगी देऊ शकतात. हा अर्ज संस्थेने करायचा असतो, काढलेल्या सदस्याने नव्हे.